दोन गाथा आणि एक पामर

आमच्या घरी गाथा म्हटलं की ती एकच. तुकोबांची. लाल फडक्यात गुंडाळून दिवळीत ठेवलेली, पानांच्या कडा हाताळून हाताळून काळपट झालेल्या. आबा माळकरी. आंघोळ झाली की पाच अभंग, मग चहा, मग शेत. आमचं गाव परभणी जिल्ह्यात, गंगाखेडच्या खालच्या अंगाला, गोदावरीच्या काठावर. तिकडे नदीला गोदावरी कुणी म्हणत नाही, गंगा म्हणतात. काठावर एका बाभळीखाली सात दगड मांडलेले आहेत, शेंदूर फासलेले. सात आसरा. आबा पंढरीला जाताना विठ्ठलाचं नाव घेत आणि पेरणीआधी या सातजणींना नारळ फोडत. त्यात काही विसंगत आहे असं त्यांना कधी वाटलं नाही. मला वाटायचं, कारण मी शिकत होतो.

१९८९ च्या दिवाळीत मी दुसरी गाथा घरी आणली. एम. ए. मराठीचं पहिलं वर्ष, ग्रंथालयातून काढलेली जाडजूड प्रत : स. आ. जोगळेकरांनी संपादित केलेली हाल सातवाहनाची गाथासप्तशती, १९५६ ची. दोन-दोन ओळींच्या सातशे प्राकृत कवितांचा संग्रह, त्यातली एकेक कविताही गाथाच. कापसाची वेचणी चालू होती, ओसरीत कापसाचा ढीग, आणि मी त्या ढिगाला टेकून वाचत पडलेलो. आबांनी पुठ्ठ्यावरचं अक्षर लावून लावून वाचलं.

"गाथा? कुनाची?"

"हाल राजाची."

"राजाचे कुठं हाल असतेत व्हय? हाल आपले." आणि स्वतःच्याच कोटीवर खूश होऊन खाली बसले. "वाच."

आता आली का पंचाईत. ज्यांनी ही गाथा चाळली असेल त्यांना माझी अवस्था कळेल. पान उघडावं तर चोरून भेटायला निघालेली बाई, दुसरं उघडावं तर सासूचा डोळा चुकवणारी सून, तिसऱ्यावर पहाटे परतलेल्या नवऱ्याच्या अंगावरच्या खुणा. समोर गळ्यात तुळशीची माळ घातलेला आजोबा. मी घाम पुसत सगळ्यात निरुपद्रवी गाथा शोधली. पहिल्या शंभरातली चौथी. निव्वळ निसर्गवर्णन.

उअ णिच्चलणिप्फंदा भिसिणीपत्तम्मि रेहइ बलाआ ।
णिम्मलमरगअभाअणपरिट्ठिआ संखसुत्ति व्व ॥

अर्थ सांगितला. बघ, कमळाच्या पानावर बगळी कशी शोभतेय, न हलता, न डुलता. जणू पाचूच्या स्वच्छ ताटात ठेवलेली शंखाची शिंपलीच.

आबा थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "बगळी हालत नाई, म्हंजे तिथं कुनी मानूस फिरकत नसंल." जरा थांबून, मिशीत हसत : "चांगली जागा हाय."

आजी पलीकडे कापसातली काडी-पाती वेचत बसली होती. मान वर न करता म्हणाली, "न्हाईतर ती त्याला टोमना मारायली. मी तिथं वाट बघत व्हतो म्हनतुस, मंग बगळी उडाली कशी न्हाई?"

मला तेव्हा त्यात फक्त म्हाताऱ्यांचा चावटपणा दिसला. काही महिन्यांनी वर्गात काव्यप्रकाश हा काव्यशास्त्राचा ग्रंथ सुरू झाला. अकराव्या शतकातला काश्मिरी पंडित मम्मट. व्यंजना, म्हणजे न बोलता सुचवलेला अर्थ, शिकवताना तो हीच गाथा देतो. बगळी निश्चल, म्हणजे निर्धास्त. निर्धास्त, म्हणजे जागा निर्जन. निर्जन, म्हणजे भेटीला सोयीची, असं ती प्रियकराला सुचवते आहे. किंवा, पुढे मम्मट म्हणतो, ती त्याला खोटं पाडते आहे : तू इथे आलाच नव्हतास. दोन्ही अर्थ. एक आबांचा, एक आजीचा. सर फळ्यावर लिहीत होते आणि मी बाकावर बसून वेड्यासारखा हसत होतो.

पंडितांना ते कळायला शास्त्र लागलं आणि अडाण्यांना उपजत कळलं, असलं काही मला म्हणायचं नाही. त्या भाबडेपणाचा मला कंटाळा आहे. आबांना कळलं कारण त्यांनी हजार वेळा बगळा उठताना पाहिला होता. नांगरटीत मागे मागे येणारा बगळा किती अंतरावर माणूस सहन करतो हे त्यांना ठाऊक होतं. गाथेतली निम्मी वाक्यं अशा माहितीवर उभी आहेत. ती माहिती ज्याच्याकडे नाही त्याला टीका, म्हणजे भाष्य, वाचावी लागते.

त्याच प्रतीतल्या शब्दार्थांत मला एक शब्द भेटला आणि तो आजतागायत सुटलेला नाही. पामर. अर्थ : शेतकरी, कुणबी.

मी पामर शब्द लहानपणापासून ऐकत आलो होतो. आबांच्या तोंडून, रोज सकाळी. "काय म्यां पामरें बोलावीं उत्तरें, परि त्या विश्वंभरें बोलविलें." पामर म्हणजे दीन, क्षुद्र, अज्ञानी, पापी. सप्तशतीत तसलं काही नाही. तिथला पामर नांगर हाकतो, बैलाला चुचकारतो, बायकोवर रुसतो, थंडीत कुडकुडतो. तो पामर आहे म्हणजे कुणबी आहे, इतकंच. मधल्या काळात हे काम करणाऱ्या माणसाचं नाव हीच एक शिवी झाली, आणि पुढे ती शिवी नम्रतेनं स्वतःलाच लावून घेण्याचा शब्द झाला. गंमत अशी की तुकोबा स्वतः कुणबीच. "बरें देवा कुणबी केलों" असं म्हणणारा माणूस जेव्हा स्वतःला पामर म्हणतो, तेव्हा तो शब्दाच्या दोन्ही अर्थांनी खरं बोलत असतो. जुना अर्थ त्यांना ठाऊक असेल का, कोण जाणे. मला मात्र त्या ओळीत तो ऐकू येतो.

पुढे बऱ्याच वर्षांनी इंग्रजी कवितेवरचं काही वाचताना 'पेगन' हा शब्द वारंवार आडवा येऊ लागला. अमक्या कवीची वृत्ती पेगन, तमक्या गीतात पेगन आनंद. कोश उघडला. लॅटिन पागुस म्हणजे गावाकडचा मुलूख, पागानुस म्हणजे त्या मुलखातला, खेड्यातला माणूस. रोमन साम्राज्यात ख्रिस्ती धर्म शहरांतून पसरला, चौथ्या शतकात राजमान्य झाला, आणि जुन्या देवांना धरून राहिलेल्यांना हे नाव पडलं. ते का पडलं याबद्दल अभ्यासकांत वाद आहेत, कारण पागानुसचा आणखी एक अर्थ 'सैनिक नसलेला' असाही होता. पण शब्दाच्या बुडाशी गाव आहे, हे नक्की. हिंदी सिनेमानं घराघरांत पोचवलेला व्हिलनही त्याच वाटेचा : मुळात मळ्यावर राबणारा गडी. खेड्यातल्या माणसाच्या नावाचं लॅटिनमध्ये जे झालं तेच आपल्याकडे झालं, एकमेकांना न विचारता.

म्हणून कुणी पेगन वृत्तीची कविता म्हटलं की मी मनात त्याचं मराठी करतो : पामराची कविता. मग ती शोधायला फार लांब जावं लागत नाही. सातवाहनांच्या पैठणपर्यंत पुरतं.

परंपरा सांगते की हा संग्रह सातवाहन राजा हाल यानं केला. तिसऱ्याच गाथेत तसं म्हटलंय : एक कोटी गाथांमधून सातशे निवडल्या. कोटीचा आकडा राजाला शोभेल असा आहे, तो सोडून द्या. हालाचा काळ इसवी सनाचं पहिलं शतक मानतात, पण भाषा बघता पुढच्या काही शतकांत बरीच भर पडली असावी. भाषा महाराष्ट्री प्राकृत, आपल्या मराठीची पणजी. टीकाकारांनी काही गाथांना कवींची नावं जोडली आहेत. त्यांत रेवा, माधवी, अनुलक्ष्मी अशी बायकांचीही आहेत. आणि पहिल्या पानावर, दुसऱ्याच गाथेत, एक सणसणीत चपराक : प्राकृत काव्याचं अमृत ज्यांना वाचता येत नाही, ऐकता येत नाही, ते प्रेमाच्या गोष्टी करतात तरी कसे, लाज वाटत नाही त्यांना?

बाणभट्टानं हर्षचरितात सातवाहनाच्या या कोशाची, म्हणजे संग्रहाची, स्तुती करताना त्याला 'अग्राम्य' म्हटलंय. म्हणजे गावंढळ नसलेला. सातशे गाथांत पाटील, पाटलाची पोर, नांगऱ्या, पारधी, पाणपोईवाली, सुईण, वाटसरू, तागाचं शेत, भाताचं शेत, आणि वर शेरा काय, तर अग्राम्य! स्तुतीसुद्धा शहराच्याच भाषेत करावी लागते. अर्थात बाण अगदीच चुकलेला नाही. या गाथा खेडुतांनी जशाच्या तशा रचल्या असतील असं मला वाटत नाही. आर्या छंदाचं गणित, श्लेष, सूचनेची नजाकत, यामागे तयार हात आहेत, दरबारात बसणारे. पण त्या दरबारी माणसांना प्रेमाचं बोलायचं झालं की गावात यावं लागत होतं, शेताच्या बांधावर उभं राहावं लागत होतं. हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं.

एक गाथा आमच्याच रानातली आहे, असं मी धरून चालतो.

फलहीवाहणपुण्णाहमंगलं लंगले कुणंतीए ।
असईअ मणोरहगब्भिणीअ हत्था थरहरंति ॥

फलही म्हणजे कपाशी. कपाशीच्या रानात पहिला नांगर घालायचा शुभ दिवस. घरची बाई नांगराची पूजा करते आहे, त्याच्यावर मंगलचिन्हं काढते आहे. आणि तिचे हात थरथरताहेत, कारण मनात मनोरथ दाटलेत. टीकाकार सांगतात : ही कपाशी वाढणार, माणूस झाकेल इतकी होणार, आणि मग त्या शेतात तिची भेट होणार. अजून सरकी टोबलेली नाही. रान उघडं आहे. पण तिला छातीएवढी पऱ्हाटी आत्ताच दिसते आहे.

कवी तिला 'असती', म्हणजे सती नसलेली, म्हणतो. शब्द निवाड्याचा आहे, पण स्वर निवाड्याचा नाही. तिला कुणी शाप देत नाही, तिचं पुढे वाईट होत नाही, ती पश्चात्ताप करत नाही. नांगराची पूजा आणि परपुरुषाची ओढ, दोन्ही एकाच हाताच्या थरथरीत. ती पूजा खोटी आहे असंही नाही. खरं म्हणजे त्या दिवशी त्या नांगराची इतकी मनापासून पूजा घरात दुसऱ्या कुणी केली नसेल. भुईतून उगवणारं आणि अंगातून उगवणारं वेगळं न मानणं, त्यासाठी कुणाची माफी न मागणं, याला पेगन म्हणतात असं मला कुणी सांगितलं असतं तर कोश उघडायची वेळ आली नसती.

आज कपाशी म्हटलं की आधी बोंडअळी आठवते, भाव आठवतो, बँकेची नोटीस आठवते. त्याच पिकाच्या बुंध्याशी दीड-दोन हजार वर्षांपूर्वी कुणीतरी हे ठेवून गेलंय.

गाथेतलं जग सुखाचं होतं असं मात्र कुणी समजू नये. सवती आहेत, दारिद्र्य आहे, परदेशी गेलेले नवरे आहेत. एका गरीब घरातली गर्भार बाई. तिला विचारतात, डोहाळे काय लागलेत? नवऱ्याला ओढाताण होऊ नये म्हणून ती दर वेळी एकच सांगते : पाणी. मूळ शब्द 'दोहल' आहे, आपला डोहाळे. ही गाथा मी आईला सांगितली तेव्हा ती काही बोलली नाही, उठून चुलीकडे गेली.

आईवरून आठवलं. आई माझ्या आजीला, म्हणजे तिच्या सासूला, आत्याबाई म्हणायची. गाथेतली सून सासूला 'अत्ता' म्हणते. सून स्वतः 'सुण्हा', दीर 'दिअर', शेत 'छेत्त', पीठ 'पिट्ठ', आणि लेक 'धूआ', जिला गोव्यात आजही धूव म्हणतात. मी आईला कौतुकानं म्हटलं, ही बघ तुझ्यासारखीच हाक मारते. हाक कुठे आहे ते सांगितलं नाही. ती गाथा अशी : सून उतरलेल्या वाटसरूला दिवसाउजेडी घर दाखवते आहे. इथे अत्ता झोपते, इथे मी. नीट बघून ठेव रे रातांधळ्या पांथस्था, नाहीतर रात्री आमच्या बिछान्यावर पडशील.

पाणपोईची गाथा तर सगळ्यांना वाचून दाखवता येते. वाटसरू ओंजळीनं पाणी पितोय, डोळे वर, तिच्याकडे; बोटं मुद्दाम फाकवलेली, पाणी गळून जावं आणि पिणं लांबावं म्हणून. ती हे बघते, आणि मुळातच बारीक असलेली धार आणखी बारीक करते. संपलं. नाव नाही, गाव नाही, एक शब्द बोलणं नाही. उन्हाळ्यात एसटी स्टँडवरच्या पाणपोईशी उभा राहिलो की मला हटकून बोटांकडे बघावंसं वाटतं.

आणि भिंतीची.

अज्जं गओत्ति अज्जं गओत्ति अज्जं गओत्ति गणिरीए ।
पढम च्चिअ दिअहद्धे कुड्डो रेहाहिं चित्तलिओ ॥

'आज गेला, आज गेला, आज गेला' असं मोजत, पहिल्याच दिवसाच्या पहिल्या अर्ध्यात तिनं सगळा कूड रेघांनी भरून टाकला. आमच्याकडे अजूनही तुऱ्हाट्यांच्या, वर शेणामातीनं लिंपलेल्या भिंतीला कूडच म्हणतात. दिवसाला एक रेघ काढायची असते हे तिला माहीत आहे. तिला थांबवत नाही, इतकंच.

देवसुद्धा यातून सुटत नाहीत. पहिलीच गाथा पशुपतीच्या वंदनाची, पण वंदन कशाला? शंकर संध्येला अर्घ्य देतोय. संध्या ही बाई, म्हणून गौरी संतापलीय. तिचा रागानं लाल झालेला चेहरा शंकराच्या ओंजळीतल्या पाण्यात उमटलाय, जणू अर्घ्यात कमळ ठेवावं तसा. त्या ओंजळीला नमस्कार करा, असं कवी म्हणतो. संसारात रंगेहाथ सापडलेला देव! राधेचा साहित्यातला एक फार जुना उल्लेखही याच संग्रहात आहे, आणि तिथे कृष्ण करतो काय, तर राधिकेच्या डोळ्यात गेलेली गाईंच्या खुरांची धूळ फुंकर मारून काढतो, आणि बाकीच्या गवळणींचा नक्षा उतरतो. एका गाथेत पोपटाच्या चोचीसारखी पळसफुलं भुईवर पडलीत, आणि कवीला वाटतं बुद्धाच्या पायांवर भिक्षूंचा संघ लोटांगण घालतोय. कुठलाच धर्म इथे नाकारलेला नाही. सगळे रानात येऊन बसलेत, सात आसरांच्या शेजारी.

रोमन कवी कातुल्लुस इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातला. तो प्रेयसीला म्हणतो, सूर्य मावळतात आणि परत उगवतात. आपला एवढासा उजेड एकदा मावळला की मग एकच अखंड रात्र. तेव्हा चुंबनं दे, हजार, मग शंभर, मग पुन्हा हजार. हे वाचलं की मला आमच्या गाथेतली म्हातारी आठवते. तीही हेच सांगते, पण रुसून बसलेल्या तरुण पोरीला, तिच्या शेजारी बसून : तारुण्य म्हणजे नदीचा पूर, दिवस निघून चाललेत, गेलेल्या रात्री परत येत नाहीत, पोरी, काय करायचाय तो 'दड्ढमाण'? दड्ढ म्हणजे जळलेला. जळला मेला तो मान! कातुल्लुस मोठा कवी आहे, वाद नाही. पण मरणाचं भय घालून चुंबन मागणारा तो, आणि स्वतः काही न मागता दुसरीला शहाणं करणारी ही. मी म्हातारीच्या बाजूचा.

ती गाथा परत करायची तारीख उलटून गेली, दंड भरला. सुट्टीला गेलो की आबा विचारायचे, "त्या दुसऱ्या गाथंत आनखी काय हाय?" मी निवडून निवडून सांगायचो. भांडून एकमेकांकडे पाठ करून झोपेचं सोंग घेतलेलं जोडपं, दोघंही श्वास रोखून दुसऱ्याच्या श्वासाकडे कान लावून, आणि कवी विचारतो यातला मल्ल कोण? आबांनी आजीकडे बघितलं होतं. "मल्ल ही," म्हणाले. "दर टायमाला हीच."

१९९७ च्या माघात आजी गेली.

चैत्रात मी गावी गेलो. रानात काहीच नव्हतं. पऱ्हाट्या उपटून झालेल्या, बांधावर त्यांचा ढीग, गहू घरी आलेला, नांगरटीला अजून अवकाश. घरी आई म्हणाली, आबा शेतातल्या आखाड्यावर, खोपीपाशी आहेत, दिवसभर तिथंच असतात, जेवायला बोलावून आण. वाटेनं जाताना मला ती गाथा आठवली, आणि आठवू नये म्हणून मी भरभर चालायला लागलो. 'णिक्कम्माहिं वि छेत्ताहिं पामरो णेअ वच्चए वसइं'. शेतात काही काम उरलेलं नाही तरी पामर घरी जात नाही. आवडती बायको मेलीय, तिच्यावाचून रिकाम्या पडलेल्या घराचं दुःख तो टाळतोय.

आबा आखाड्यासमोर बाजेवर बसले होते, नदीकडे तोंड करून. शेजारी पाण्याचा तांब्या. मी म्हटलं, "आबा, काय राहिलंय शेतात?"

"काई नाई."

"मग चला की."

आनखी काय हाय त्या गाथंत, असं त्यांनी त्या दिवशी विचारलं नाही. मीही काही सांगितलं नाही. थोडा वेळ बाजेच्या कडेला बसून राहिलो.

"तू हो म्होरं," ते म्हणाले. "दिवे लागले की येतो."

दिवे लागून तास होऊन गेला होता.